खेळाचे कार्ड: बसवावे कसे, जपावे कसे

श्रोते हो, आज ज्या वस्तूविषयी चार गोष्टी सांगायच्या आहेत, ती वस्तू पोस्टाच्या तिकिटापेक्षा फारशी मोठी नाही. मुठीत धरली तर दिसायची नाही आणि अंगणात पडली तर सापडायची नाही. पण हल्ली सुट्टीत शहरातून किंवा परदेशातून जी पाहुणे मंडळी गावी येतात, त्यांच्या मुलांच्या दप्तरात ती हमखास असते, आणि ती बिघडली की घरात रडारड होते. मी म्हणतो आहे ते हातात धरून खेळायच्या यंत्राचे कार्ड. आपल्याकडे टी.व्ही.ला जोडायच्या खेळाच्या अशाच चौकोनी डबीला मुले ‘कॅसेट’ म्हणत. तुमच्यापैकी जे आज चाळिशीत आहेत, त्यांना ती आठवत असेल.

तुम्ही म्हणाल, “गुरुजी, खतपाणी, गुरेढोरे, पोरांच्या परीक्षा हे विषय सोडून हे काय काढलंत?” सांगतो. गेल्या मे महिन्यात माझा पुतण्या जपानातून मुलाबाळांसह गावी आला. तिथल्या जुन्या वस्तूंच्या दुकानातून त्याने आपल्या मुलासाठी एक जुने ‘गेम बॉय’ यंत्र आणि दोन कार्डे घेतली होती. त्या यंत्राने मला या वयात बरेच काही शिकवले, आणि एका दुपारी आमच्या सर्वांचा जीवही टांगणीला लावला. तो प्रसंग शेवटी सांगेन. आधी वस्तू नीट समजून घेऊ.

निन्टेंडो हे नाव मुलांच्या तोंडी असते. ही कंपनी १८८९ साली जपानातल्या क्योतो शहरात निघाली, ती काय करायला? पत्ते करायला! आपण दिवाळीच्या सुट्टीत खेळतो तसेच, पण फुलांची चित्रे असलेले जपानी पत्ते. म्हणजे कागदी पत्त्यापासून ज्यांनी सुरुवात केली, तेच पुढे विजेच्या पत्त्यापर्यंत येऊन पोहोचले. १९८९ साली, म्हणजे बरोबर शंभर वर्षांनी, त्यांनी गेम बॉय बाजारात आणला. चार पेन्सिल सेलवर चालणारे हे यंत्र आणि त्याचे पुढचे रंगीत भावंड मिळून ११ कोटी ८६ लाखांहून अधिक नग विकले गेले. २०१७ साली आलेल्या ‘स्विच’ नावाच्या यंत्राचा खप तर १५ कोटींच्या पुढे गेला आहे. २०२५ साली त्याचा दुसरा अवतारही आला.

आता कार्डाचे काम काय? ग्रामोफोन आठवा. ग्रामोफोन एकच, तबकड्या अनेक. तबकडी बदलली की गाणे बदलले. इथेही यंत्र एक आणि कार्डे अनेक. प्रत्येक कार्डात एकेक खेळ. खेळ बदलता येईल अशी डबी हे काही जपानचे पहिले डोके नव्हे. अमेरिकेत १९७६ साली ‘फेअरचाइल्ड चॅनेल एफ’ नावाचे टी.व्ही.ला जोडायचे यंत्र निघाले, त्यात ही सोय होती. जेरी लॉसन हे कृष्णवर्णीय अभियंते त्या कामाचे प्रमुख होते. त्यापूर्वी यंत्रात जे खेळ बसवून मिळत, तेवढेच खेळायचे.

कार्डाच्या पोटात चक्री नाही, फीत नाही, हलणारा एकही भाग नाही. सिलिकॉनची एक बारीकशी चकती असते आणि तिच्यात सारा खेळ लिहिलेला असतो. गेम बॉयच्या पहिल्या दिवसांतला ‘टेट्रिस’ हा ठोकळे रचायचा खेळ अवघ्या ३२ किलोबाइटात मावला होता. स्विचच्या कार्डात ३२ गिगाबाइटपर्यंत मजकूर राहतो. शिक्षक बंधुभगिनींनी हा हिशेब वर्गात घालावा: हे सुमारे दहा लाख पट झाले, आणि कार्ड मात्र आकाराने पूर्वीपेक्षा लहान. मूर्ती लहान पण कीर्ती महान, ती अशी.

हा मजकूर यंत्राला वाचता यावा म्हणून कार्डाच्या खालच्या कडेला पिवळ्या धातूच्या बारीक पट्ट्या असतात. गेम बॉयच्या कार्डाला अशा ३२ पट्ट्या आहेत. आपल्या तोंडात दात तितक्याच. यंत्राच्या खाचेत तितक्याच स्प्रिंगसारख्या पिना असतात. पट्टी पिनेला टेकली की वाट मोकळी झाली. बत्तिसातली एखादी टेकली नाही तरी काम अडते, कारण प्रत्येकीकडे वेगळे काम आहे.

या पट्ट्या पिवळ्या का? तर तांब्यावर सोन्याचा अतिशय पातळ मुलामा असतो. आपल्या आया-आज्या पितळेच्या भांड्याला कल्हई का लावीत? आंबट पदार्थाने भांडे कळकू नये म्हणून. इथेही तोच विचार. तांबे हवेने काळवंडते, मग वीज नीट वाहत नाही. सोने काळवंडत नाही. पण कल्हई जशी घासून घासून जाते, तसा हा मुलामाही जातो. हे एक वाक्य ध्यानात ठेवले तर पुढची निम्मी पथ्ये आपोआप कळतील.

आता कार्ड बसवायचे कसे ते पाहू. सर्वांत आधी यंत्र बंद करावे. मग हात कोरडे आहेत ना ते पाहावे. नुकताच आंबा खाल्लेला हात तर मुळीच नको. कार्ड दोन्ही कडांना धरावे, पिवळ्या पट्ट्यांना बोट लावू नये. बोटाला घाम असतो, तेल असते, थंडीच्या कोरड्या दिवसांत अंगावर स्थिर वीजही साठलेली असते. लोकरी कपडा काढताना जी तडतड होते तीच ही वीज. ती आतल्या चकतीला बाधू शकते.

कार्डाची चित्राची बाजू कुठे असावी हे यंत्रागणिक वेगळे. जुन्या गेम बॉयमध्ये खाच पाठीमागे वरच्या अंगाला आहे आणि कार्ड बसल्यावर चित्र पाठीकडून दिसते. स्विचमध्ये वरच्या कडेला एक छोटे झाकण आहे. ते नखाने हळूच उघडायचे, कार्डाचे चित्र पडद्याच्या बाजूला ठेवायचे आणि ‘टक्’ असा आवाज येईपर्यंत सरळ आत दाबायचे. काढताना ओढायचे नाही. पुन्हा एकदा आत दाबले की कार्ड आपणहून वर येते. मग झाकण लावून टाकायचे, ते धुळीसाठीच दिलेले असते.

कार्ड आत जात नसेल तर? तर जोर करू नये. बैल औताला जात नसेल तर आधी जू पाहावे. कार्ड उलटे असेल, तिरके असेल किंवा दुसऱ्याच यंत्राचे असेल. करणाऱ्यांनी ही अडवणूक मुद्दाम ठेवलेली असते. उदाहरणार्थ, २०११ साली आलेल्या ‘थ्रीडीएस’ यंत्राच्या कार्डाला वरच्या कोपऱ्यात एक बारीक शिंग ठेवले, ते अशासाठी की ते कार्ड त्याच्या आधीच्या ‘डीएस’ यंत्रात जाऊच नये. पहिल्या गेम बॉयची युक्ती याहून गमतीची. त्याचे बटण चालू करताना आतली एक जीभ सरकून कार्डाच्या कोपऱ्यातल्या खाचेत बसते. त्यामुळे यंत्र चालू असताना कार्ड निघतच नाही. गाडीच्या चाकाला खुंटी लावावी तशी ही खुंटी.

खुंटीची गरज का पडली? कारण यंत्र चालू असताना कार्ड काढणे हा सर्वांत वाईट अपराध. मूल खेळत खेळत जिथवर पोहोचले, त्याची नोंद यंत्र ठेवते; मुले तिला ‘सेव्ह’ म्हणतात. तलाठी वहीत नोंद करतो आहे, निम्मे नाव लिहून झाले आहे, आणि कोणी वही ओढून घेतली, तर त्या नोंदीचा अर्थ काय लागणार? कार्डाचेही तसेच होते. अर्धी नोंद ही कधी कधी नोंद नसण्यापेक्षा वाईट, कारण तिच्यामुळे आधीची चांगली नोंदही बिघडते. म्हणून ‘सेव्ह होत आहे’ असे पडद्यावर दिसत असता कार्डाला आणि बटणाला हात लावू नये.

ही नोंद कुठे राहते हेही माहीत हवे. गेम बॉय आणि डीएस यांच्यात ती कार्डातच राहते. कार्ड हरवले की मेहनतही हरवली. स्विचमध्ये नोंद यंत्रात राहते, कार्डात नाही. म्हणजे स्विचचे कार्ड मित्राला दिले तरी आपली नोंद आपल्या घरीच राहते, पण यंत्र बिघडले तर कार्ड हातात असूनही नोंद जाऊ शकते.

आता माझ्या नातवाची गोष्ट. दुसऱ्याच दिवशी सकाळी तो तोंड पाडून आला. “आजोबा, हे बघा, नुसती काळी पट्टी येते.” गेम बॉय चालू केला की पडद्यावर वरून खाली कंपनीचे नाव उतरते. त्याच्या पडद्यावर नावाच्या जागी काळा ठोकळा उतरला आणि तिथेच थांबला. माझ्या पुतण्याने कार्ड काढले, तोंडाजवळ नेले आणि ‘फूऽऽ’ करून जोरात फुंकर मारली. पुन्हा बसवले. खेळ सुरू! म्हणाला, “काका, आम्ही लहानपणी असंच करायचो.”

श्रोते हो, ही फुंकर जगभरच्या मुलांनी मारली आहे आणि जगभर तिने गुण आला असे मुलांना वाटले आहे. पण गुण फुंकरीचा नव्हे. ते नाव कार्डात लिहिलेले असते आणि त्याची एक प्रत यंत्रापाशीही असते. शाळेत आपण हजेरी घेतो तसे यंत्र चालू होताच कार्डाचे नाव वाचून आपल्या प्रतीशी ताडून पाहते. जुळले तरच पुढे जाते. पट्टी आणि पीन यांच्यामध्ये मळ असला की मजकूर पोहोचत नाही, आणि काहीच पोहोचले नाही तर यंत्राला सगळे घर काळे दिसते. तोच तो काळा ठोकळा.

मग फुंकर मारल्यावर चालले कसे? कार्ड बाहेर काढले आणि परत घातले म्हणून! आत-बाहेर होताना पिना पट्ट्यांवर घासल्या गेल्या, मळाचा थर फुटला, जागा थोडी बदलली आणि धातूला धातू टेकला. फुंकर न मारता काढून घातले असते तरी हेच झाले असते. उलट फुंकरीबरोबर तोंडातली वाफ आणि थुंकीचे कण पट्ट्यांवर बसतात, आणि ओलाव्याने धातू हळूहळू गंजतो. आजचा उपाय तोच उद्याचा रोग.

मुलांना हे पटवायचे तर सांगून पटत नाही. मी नातवाला म्हटले, “पुढच्या वेळी काळी पट्टी आली की फुंकायचं नाही. नुसतं काढून घाल. नाही चाललं तर माझ्याकडे ये.” पुढे तीन वेळा पट्टी आली आणि तिन्ही वेळा नुसते काढून घातल्याने खेळ चालला. मुलगा आपणहून म्हणाला, “आजोबा, बाबांचं चुकलं.” शिक्षकांनी याची नोंद घ्यावी. दोन गोष्टी एका वेळी केल्या तर गुण कोणाचा ते कळत नाही, एकेक वेगळी करून पाहावी लागते. प्रयोग म्हणतात तो हाच.

मळ फार असेल तर? यंत्र बंद करून कार्ड काढावे आणि कान कोरायच्या स्वच्छ, कोरड्या कापसाच्या काडीने पट्ट्यांवरून हलके पुसावे. खोडरबर, पॉलिश पेपर, राख, रांगोळी यांनी घासू नये; सोन्याचा मुलामा जाईल. रॉकेल, थिनर, अत्तर काही लावू नये. जुन्या कार्डांवर कंपनीनेच छापलेले असे की बेंझीन, थिनर, अल्कोहोल यांनी पुसू नका. दुरुस्ती करणारे कारागीर विशिष्ट शुद्ध अल्कोहोल अगदी थोडे वापरतात, पण ते त्यांच्या हातचे काम आहे. कोरड्या कापसाने भागले नाही तर त्यांच्याकडेच जावे.

ठेवायचे कुठे? प्रत्येक कार्डाला त्याची डबी असते, तीत ठेवावे. डबी नसेल तर कोरडी, झाकणाची छोटी प्लॅस्टिकची डबी चालेल. कोकणात आणि घाटमाथ्यावर पावसाळ्यात चार महिने हवा ओली असते, तिथे औषधाच्या किंवा बुटांच्या खोक्यात येणारी ओल शोषणारी पुडी डबीत टाकावी. तांदळात पुरून ठेवू नये, तांदळाचा भुरका खाचेत जातो. चुलीजवळ, उन्हात किंवा उभ्या मोटारीच्या काचेपाशी ठेवू नये. सदऱ्याच्या खिशात राहून कार्ड धुण्यात जाते, हा अनुभव पुष्कळ आयांना असेल. तसे झाले तर यंत्रात घालायची घाई करू नये, सावलीत दोन-तीन दिवस पूर्ण वाळू द्यावे.

नवी वस्तू घेणाऱ्यांना एक इशारा. २०२५ पासून दुसऱ्या स्विचची काही कार्डे अशी निघाली आहेत की त्यांच्यात पूर्ण खेळ नसतोच. असते ती फक्त किल्ली. खेळ इंटरनेटवरून यंत्रात उतरवून घ्यावा लागतो आणि पुढेही खेळताना कार्ड आत असावे लागते. जिथे इंटरनेट मंद आहे अशा गावी भेट म्हणून कार्ड आणताना खोक्यावरची सूचना वाचावी, नाहीतर मूल सुट्टीभर रिकामी किल्ली घेऊन बसेल.

आणि आता तो प्रसंग. जुन्या गेम बॉयच्या पुष्कळ कार्डांत एक चपटा बटण सेल असतो. यंत्र बंद असतानाही मुलाची नोंद जिवंत ठेवायची, हे त्याचे काम. हा सेल वर्षानुवर्षे टिकतो, पण अमरपट्टा घेऊन आलेला नाही. आमच्या कार्डातला संपला. मुलगा रोज संध्याकाळी खेळून नोंद करी आणि सकाळी पाहावे तो पाटी कोरी. मी तालुक्याला ओळखीच्या रेडिओ दुरुस्त करणाऱ्याकडे कार्ड नेले. त्याचा स्क्रू साध्या पेचकसाने निघत नाही, त्याला वेगळे हत्यार लागते. त्याने ते उघडले, जुना सेल डाख काढून उपटला, नवा बसवला. सेल बदलताना जुनी नोंद जाते, हे त्याने आधीच सांगितले होते. जुना सेल मी सवयीने सदऱ्याच्या खिशात टाकला आणि घरी येऊन ओसरीवरच्या खाटेवर ठेवला.

चूक माझी. पाच मिनिटांत पुतण्याची दोन वर्षांची मुलगी तो चकचकीत तुकडा घेऊन तोंडाशी नेत होती. सूनबाईंनी झडप घातली म्हणून वाचलो.

श्रोते हो, हे नीट ऐका. त्या सेलवर २०२५ असा आकडा असतो. ते साल नव्हे. त्याचा अर्थ २० मिलिमीटर रुंद आणि अडीच मिलिमीटर जाड. एवढी चकती लहान मुलाच्या अन्ननलिकेत बरोबर अडकते. अडकली की ओल्या मांसातून वीज वाहते आणि दोन तासांच्या आत आतून खोल जखम होऊ शकते. यंत्राला अपुरा पडणारा संपलेला सेलही मुलाला इजा करायला पुरेसा असतो. मुलाने सेल गिळल्याची नुसती शंका आली तरी उलटी करवू नये, वाट पाहू नये. क्ष-किरण यंत्र असलेल्या दवाखान्यात ताबडतोब न्यावे आणि ‘बटण सेल’ हे शब्द डॉक्टरांना स्पष्ट सांगावेत. असे सेल घड्याळात, गाणाऱ्या खेळण्यात, रिमोटमध्येही असतात. काढलेला सेल दोन्ही बाजूंनी चिकटपट्टीने गुंडाळून, मुलांच्या हाती लागणार नाही असा ठेवावा.

स्विचच्या कार्डात असा सेल नाही, पण कार्ड लहान म्हणून मूल तोंडात घालील ही भीती आहेच. म्हणून कंपनीने त्यावर डेनाटोनियम बेंझोएट या अतिकडू पदार्थाचा लेप दिला आहे. १९५८ साली स्कॉटलंडमधल्या एडिंबरा शहरात, बधिर करणाऱ्या औषधांवर काम चालू असता हा पदार्थ सापडला. जिभेला लागताच मूल थुंकते. कारल्याने जे साधत नाही ते याने साधते.

शेवटी शिक्षकांना दोन शब्द. हे यंत्र तुमच्या शाळेत नसेल, पण मोबाइलचे सिम आहे, मेमरी कार्ड आहे. त्यांनाही पिवळ्या पट्ट्याच आहेत. कडांना धरा, जोर करू नका, फुंकू नका, लिहिणे चालू असता ओढू नका. फोनमधले मेमरी कार्ड काढण्याआधी फोन बंद करा. एका वस्तूची निगा शिकली की दहा वस्तूंची आली.

आमचा नातू जायच्या आदल्या रात्री पहिल्यापासून पुन्हा खेळायला बसला. मी म्हटले, “इतके दिवसांचं गेलं, वाईट वाटलं का रे?” तो म्हणाला, “वाटलं. पण आता रस्ता माहीत आहे.” सकाळी उठून त्याने यंत्र चालू केले. नाव उतरले, हजेरी लागली आणि नोंद होती तिथेच होती. मग यंत्र बंद करून त्याने कार्ड कडांना धरून काढले आणि डबीत ठेवले. त्याला मला काही सांगावे लागले नाही.